यंत्राला भिंत बांधता येते, पण ती कुठे हे कोण सांगणार?

प्रश्न असा आहे: "मी वास्तुकलेच्या तिसऱ्या वर्षाला आहे. एका वाक्यावरून इमारतीचं चित्र काढून देणारी साधनं आणि विटा रचणारे रोबो बघितले की वाटतं, मी पदवी घेऊन बाहेर पडेपर्यंत आर्किटेक्टचंही काम जाणार आणि गवंड्याचंही. यातलं खरं किती, देखावा किती? आणि मी शिकू काय?"

बदल खरा आहे. फक्त व्हिडिओत दिसतो तिथे तो फारसा होत नाहीये. विटेवर वीट ठेवणारा यंत्राचा हात नजरेत भरतो, पण खरी उलथापालथ त्या विटेच्या आधी चालली आहे. भिंत नेमकी कुठून जाणार, तिच्यातून कोणता पाइप किती उंचीवर बाहेर पडणार, बांधून झाल्यावर ती ठरल्या जागी आहे का, हे कुणाला ठाऊक असतं आणि कुठे लिहिलेलं असतं? आपल्या धंद्यात ही माहिती कायम अर्धवटच लिहिली गेली. उरलेली मुकादम, गवंडी, फिटर यांनी डोकं चालवून भरून काढली. ड्रॉइंगमध्ये दाराची चौकट बीमला धडकत असेल तर सुतार येऊन विचारतो, "मॅडम, हे असंच ठेवायचं का?" यंत्र विचारत नाही. पुढचं सगळं या एका फरकातून निघतं.

आधी एक गैरसमज काढून टाकू. बांधकामातले रोबो नवे नाहीत. १९८० च्या दशकात जपानमधल्या शिमिझू, ओबायाशी, ताकेनाका, काजिमा अशा बड्या कंपन्यांनी एकेका कामाचे रोबो बनवले होते: पोलादी सांगाड्यावर अग्निरोधक लेप फवारणारे, ओला स्लॅब घोटणारे. पुढच्या दशकात शिमिझूची 'स्मार्ट' आणि ओबायाशीची 'एबीसीएस' या पद्धती आल्या. इमारतीच्या माथ्यावर छप्पर घालून कारखानाच उभा करायचा, आत क्रेन आणि वेल्डिंगची यंत्रं, आणि मजला पुरा झाला की अख्खा कारखाना जॅकने वर सरकवायचा. हे चालत होतं, त्यातून इमारतीही उभ्या राहिल्या. पण पसरलं नाही. यंत्र मजल्यावर चढवणं, मांडणं, सुरक्षिततेसाठी भोवतालची माणसं हलवणं, काम झालं की पुन्हा उचलणं, यात वाचलेला वेळ परत खर्ची पडायचा. त्यात जपानची अर्थव्यवस्था मंदावली, कामं घटली आणि ज्या मजूरटंचाईसाठी हा खटाटोप होता तीच ओसरली. आज कुणी नव्या रोबोचं प्रात्यक्षिक दाखवायला आलं की मी पहिला प्रश्न हाच विचारते: मांडायला किती वेळ, आणि तोवर त्या मजल्यावरच्या बाकीच्यांनी काय करायचं?

आता विटांकडे येऊ, कारण सगळ्यांची उत्सुकता तिथेच असते. अमेरिकेतल्या कन्स्ट्रक्शन रोबोटिक्स या कंपनीचं 'सॅम' नावाचं यंत्र वीट उचलतं, तिला सिमेंटचा माल लावतं आणि थरावर ठेवतं. सांध्यातून बाहेर आलेला माल खरवडणं, विटांमधल्या दरजा (फटी) भरून घोटणं, कोपरा ओळंब्यात धरणं, खिडकीशी अर्धी वीट बसवणं, ही कामं शेजारी उभा असलेला गवंडी करतो. म्हणजे यंत्राने त्याच्या कामातला सर्वांत कंटाळवाणा भाग घेतला, कसबाचा त्याच्याकडेच राहिला. याच कंपनीचं 'म्यूल' नावाचं दुसरं, कमी गाजलेलं यंत्र आहे. ते जड ब्लॉकचं नुसतं वजन पेलतं. कुठे आणि कसा बसवायचा ते गवंडी हाताने ठरवतो. मला विचाराल तर हे दुसरं जास्त शहाणपणाचं. पन्नाशीत कंबर गेलेले गवंडी मी पुष्कळ पाहिलेत.

ऑस्ट्रेलियातल्या एफबीआर कंपनीचं 'हेड्रियन एक्स' वेगळ्या जातीचं. ट्रकवरून लांब बूम, म्हणजे क्रेनसारखा हात, बाहेर येतो. वाऱ्याने आणि स्वतःच्या वजनाने टोक हलत असतं, त्याची जागा लेझरने सतत मोजून यंत्र स्वतःला सावरत ब्लॉक ठेवतं. २०१८ मध्ये त्याने तीन बेडरूमच्या एका घराच्या भिंती तीन दिवसांच्या आत रचल्या. सगळे बोलतात या वेगाबद्दल. मला महत्त्वाची वाटते ती दुसरी गोष्ट: या यंत्राने सिमेंटचा माल सोडून दिला आणि चिकटवण्याचं द्रव्य घेतलं. माल फक्त विटा जोडत नाही. विटांच्या मापातला कमीजास्तपणा तो पोटात घेतो. सांधा इथे थोडा जाड, तिथे थोडा बारीक, आणि थर लेव्हलमध्ये. चिकटद्रव्याचा थर इतका पातळ असतो की त्याला ही सोय नाही. मग ब्लॉक एकसारख्या मापाचे हवेत, पाया सपाट हवा, म्हणजे सगळी अचूकता आधीच्या टप्प्यांवर ढकलली गेली. रोबो आला की साहित्य बदलतं, तपशील बदलतात, आधीच्या कंत्राटदाराकडून मागायचा दर्जाही बदलतो. रोबोच्या भाड्याच्या कोटेशनमध्ये हा खर्च कुठे दिसत नाही.

विटांचंच एक उदाहरण मात्र मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगते. स्वित्झर्लंडमधल्या फ्लेश या गावी गँटेनबाइन वाइनरीचा दर्शनी भाग २००६ मध्ये झुरिकच्या ग्रामात्सिओ आणि कोलर या आर्किटेक्ट जोडीने रोबोकडून करवून घेतला. सुमारे २०,००० विटा, ७२ पॅनेल. प्रत्येक वीट थोड्या वेगळ्या कोनात फिरवलेली, त्यामुळे मधल्या फटींतून आत उजेड आणि हवा येते आणि लांबून भिंतीवर द्राक्षांचे घोस असल्यासारखा भास होतो. पॅनेल कारखान्यात तयार झाली आणि साइटवर नुसती बसवली. इथे रोबो का वापरला याचं उत्तर सरळ आहे. इतके वेगवेगळे कोन माणसाला लावता येतील, पण कुणी तेवढे पैसे देणार नाही. यंत्राला सगळ्या विटा सारख्या काय आणि वेगळ्या काय, श्रम तेवढेच. साधी सरळ भिंत बांधायला चांगला गवंडी आजही तोडीस तोड आहे.

कारखान्यातला रोबो जागेवर पक्का असतो आणि वस्तू त्याच्याकडे येते. साइटवर उलटं असतं. इमारत जागेवर, यंत्राने फिरायचं, आणि फिरताना आपण कुठे आहोत हे त्याला दर क्षणी कळायला हवं, तेही असमान स्लॅबवर, सळया आणि पाण्याच्या डबक्यांतून. त्यामुळे जी यंत्रं साइटवर खरोखर टिकली ती एकच काम करणारी आहेत. पाडकामाची ब्रोक यंत्रं १९७० च्या दशकापासून वापरात आहेत. तिथे अचूकता कमी लागते आणि माणसाला धोका जास्त, म्हणून यंत्र सहज मान्य झालं. शिंडलर कंपनीचा रोबो लिफ्टच्या शाफ्टमध्ये वर जात अँकरची, म्हणजे भिंतीत पक्क्या बसवायच्या बोल्टची, भोकं पाडतो. पुलाच्या डेकवर सळयांच्या गाठी बांधणारा 'टायबॉट' आहे. हिल्टीने २०२० मध्ये आणलेला 'जायबॉट' छताला भोकं पाडतो. दिवसभर डोक्यावर ड्रिल धरून धूळ गिळणं हे काम कुणाच्याच वाट्याला येऊ नये, तेव्हा हा रोबो आला याचा मला मनापासून आनंद आहे.

पण हाच जायबॉट माझ्या मुद्द्याचा सर्वांत स्वच्छ नमुनाही आहे. भोकं कुठे पाडायची हे तो बीआयएम मॉडेलमधून, म्हणजे इमारतीच्या प्रत्येक भागाची माहिती भरलेल्या संगणकी त्रिमित प्रतिकृतीतून वाचतो, आणि स्वतःची जागा टोटल स्टेशनवरून, म्हणजे तिपाईवरच्या मोजणीच्या यंत्रावरून ओळखतो. समजा, साइटवर एक डक्ट (हवा वाहून नेणारा मोठा नळ) फूटभर सरकवला आणि मॉडेलमध्ये कुणी बदल केला नाही. माणूस शिडीवर चढून पहिल्याच भोकाला थांबेल, कारण समोर डक्ट दिसतोय. यंत्र ज्या जागा मोकळ्या सापडतील तिथे जुन्या मॉडेलनुसार एकामागून एक भोकं पाडत जाईल, मिलिमीटरच्या अचूकतेने, चुकीच्या जागी.

म्हणूनच सगळ्यांत कमी चमकदार रोबो मला सगळ्यांत उपयोगी वाटतो: जमिनीवर आखणी करणारा. अमेरिकेतल्या डस्टी रोबोटिक्सचं यंत्र मॉडेलमधल्या भिंतींच्या, दारांच्या, पाइपांच्या रेषा थेट स्लॅबवर छापत फिरतं. हाताने आखणी करताना मुकादम लाइनदोरी मारतो, गुण्या लावून काटकोन तपासतो. मग प्लंबर त्या रेषेवरून स्वतःचं माप घेतो, इलेक्ट्रिशियन प्लंबरच्या खुणेवरून. पहिली चूक पुढे सरकत वाढत जाते. छापलेल्या आखणीत सगळ्यांच्या रेषा एकाच मूळ बिंदूवरून येतात. दोन रेषा एकमेकींना छेदल्या तर भांडण स्लॅबवर होतं, भिंत फोडताना होत नाही. आखणीच्या या रोबोने एकही भिंत बांधलेली नसते, पण पुढच्या बऱ्याच तोडफोडी वाचवलेल्या असतात.

थ्रीडी छपाईबद्दल विचारलेलं नाही, तरी कुणीतरी विचारेलच. दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात बेहरोख खोशनेविस यांनी १९९० च्या दशकात थरावर थर टाकत भिंत घडवण्याची पद्धत मांडली. नेदरलँड्समधल्या आइंडहोवन इथे २०२१ मध्ये छापलेल्या काँक्रीटच्या घरात भाडेकरू राहायला आले, आणि टेक्सासमध्ये आयकॉन या कंपनीने लेनार या घरबांधणी कंपनीसोबत १०० घरांची वसाहत हाती घेतली. "घर छापलं" म्हणतात तेव्हा बहुतेक वेळा भिंती छापलेल्या असतात. पाया, छप्पर, दारं-खिडक्या, नळ, वीज, वॉटरप्रूफिंग हे नेहमीच्याच माणसांनी केलेलं असतं, आणि घराच्या खर्चाचा मोठा वाटा तिथेच जातो. दोन थरांमधला सांधा कमकुवत राहू शकतो, उभी सळई घालणं जिकिरीचं असतं, आणि नळीतून सहज वाहावं म्हणून मिश्रणात खडी बारीक आणि सिमेंट जास्त लागतं. जगाच्या कार्बन उत्सर्जनात सिमेंटचा वाटा सुमारे ७ ते ८ टक्के आहे, तेव्हा "छापलेलं म्हणजे पर्यावरणपूरक" हे वाक्य मिश्रणाचं प्रमाण बघितल्याशिवाय मान्य करू नका. मला जास्त आशा वाटते ती साचा छापण्यात. झुरिकच्या ईटीएच विद्यापीठाच्या मंडळींनी ड्युबेनडॉर्फ इथे उभारलेल्या आणि २०१९ मध्ये खुल्या झालेल्या 'डीफॅब हाउस'मध्ये स्लॅबचं शटरिंग वाळूतून छापलं होतं. जिथे भार आहे तिथेच काँक्रीट, बाकी ठिकाणी जाडी उतरत २० मिलिमीटरपर्यंत. नेहमीच्या स्लॅबच्या निम्म्याहून कमी वजन. असा साचा सुताराकडून करून घ्यायचा म्हटलं तर अंदाजपत्रकातच काम मेलं असतं.

आता तुमच्या खऱ्या भीतीकडे, म्हणजे डिझाइनकडे.

२०२२ पासून चित्रं बनवणारी साधनं हातात आली आणि पहिल्या भेटीतच ग्राहक चित्र घेऊन येऊ लागले. ती चित्रं देखणी असतात. नीट बघा: वरच्या मजल्याचा कॉलम खालच्या मजल्यावर सापडत नाही, जिना भिंतीत शिरतो, स्लॅबला जाडी नाही, पावसाचं पाणी कुठे जाणार याचा पत्ता नाही. त्या साधनाने इमारतींचे फोटो पाहिले आहेत, इमारती नाहीत. मूड ठरवायला, ग्राहकाला नक्की काय आवडतं हे त्याच्याकडून काढून घ्यायला ती छान आहेत आणि मीही वापरते. धोका एवढाच की ग्राहक त्या चित्राच्या प्रेमात पडतो आणि नंतर प्रत्येक कॉलम त्याला तुमची तडजोड वाटू लागतो.

पर्याय शोधणारी साधनं ही वेगळी गोष्ट, आणि ती गंभीरपणे घ्यावीत अशी आहेत. डिझाइनची सॉफ्टवेअर बनवणाऱ्या ऑटोडेस्क कंपनीने टोरांटोमधलं आपलं ऑफिस २०१७ मध्ये अशा पद्धतीने आखलं. कर्मचाऱ्यांना विचारून सहा निकष ठरवले: कुणाला कुणाजवळ बसायचं आहे, काम करण्याची पद्धत कशी, गोंगाट किती, एकमेकांच्या भेटी किती होतात, उजेड, बाहेरचं दृश्य. संगणकाने १०,००० हून जास्त आराखडे तयार करून प्रत्येकाला त्या निकषांवर गुण दिले. नॉर्वेतली स्पेसमेकर ही कंपनी ऑटोडेस्कने २०२० मध्ये विकत घेतली. तिचं साधन आता 'फॉर्मा' या नावाने मिळतं आणि प्लॉटवर इमारती कशा मांडल्या तर ऊन, वारा, आवाज यांचं काय होईल हे झटकन दाखवतं. पूर्वी सल्लागाराच्या अहवालाची वाट बघेपर्यंत मांडणी ठरून गेलेली असायची. आता पहिल्या दिवशीच पाच मांडण्या तपासता येतात. पण टोरांटोच्या उदाहरणातली मेख ओळखा: सहा निकष कोणते, आणि उजेड महत्त्वाचा की शेजार, हे माणसांनी ठरवलं. जो सातवा निकष कुणाला सुचला नाही तो १०,००० आराखड्यांपैकी एकातही जाणीवपूर्वक आलेला नसणार. आर्किटेक्टचं काम तिथे सरकलं आहे, आणि ते सोपं झालेलं नाही.

मजकूर लिहिणाऱ्या साधनांबद्दल थोडक्यात. मीटिंगचं टिपण, स्पेसिफिकेशनच्या दोन आवृत्त्यांतला फरक, कंत्राटदाराच्या शंभर प्रश्नांची वर्गवारी, यासाठी बेलाशक वापरा. बांधकाम नियमातलं कलम विचाराल तर ते ठाम आवाजात अस्तित्वात नसलेलं कलमही सांगेल. मूळ नियमपुस्तक उघडल्याशिवाय त्यातला एकही आकडा ड्रॉइंगवर जाता कामा नये. सही तुमची असते, आणि जिना अरुंद निघाला तर जाब सही करणाऱ्याला विचारतात.

साइटवर मात्र कृत्रिम बुद्धिमत्ता आवाज न करता बरंच पुढे गेली आहे. हेल्मेटवर ३६० अंशांचा कॅमेरा लावून कुणीतरी मजल्यावरून नेहमीची फेरी मारतं; ओपनस्पेस किंवा बिल्डॉट्ससारखी साधनं ते चित्रण आराखड्यावर किंवा मॉडेलवर बसवून काय झालं, काय राहिलं हे दाखवतात. चार पायांचा 'स्पॉट' रोबोही हेच काम करतो, फक्त तो आला की सगळे काम थांबवून त्याचेच फोटो काढतात. याचा पहिला परिणाम बिलांवर झाला. "७० टक्के काम झालं" हे वाक्य आता तपासता येतं. दुसरा परिणाम जास्त मोलाचा: सीलिंग बंद होण्याआधी आत काय होतं याची नोंद राहते. तिसरा परिणाम मला खुपतो. तोच कॅमेरा कोण किती वेळ बसला हेही टिपतो. चित्रण कशासाठी वापरायचं, किती दिवस ठेवायचं आणि मजुराच्या मजुरीशी त्याचा संबंध जोडायचा नाही, हे करारात लिहून घ्यावं असं माझं मत आहे, आणि ते काम सुरू होण्याआधी.

एवढं सगळं असूनही बांधकाम वेगवान का झालं नाही? मॅकिन्झी या सल्लागार कंपनीच्या २०१७ च्या अहवालानुसार आधीच्या दोन दशकांत जगभर बांधकामातली श्रम-उत्पादकता वर्षाला सुमारे १ टक्क्याने वाढली, तर एकूण अर्थव्यवस्थेची २.८ टक्क्यांनी. कारण भिंत रचायचा वेळ ही मुख्य अडचण क्वचितच असते. भिंत मंजुरीची वाट बघते, मालाची, आधीच्या ठेकेदाराने जागा मोकळी करण्याची, सुधारित ड्रॉइंगची. रचणं दुप्पट वेगाने झालं तरी ती वाट तेवढीच राहते. सगळंच आपल्या हाताखाली घेऊन ही साखळी सोडवायचा प्रयत्न कटेरा या अमेरिकी कंपनीने केला. २०१५ मध्ये सुरुवात, सुमारे २ अब्ज डॉलरचं भांडवल, स्वतःचे कारखाने, स्वतःचं डिझाइन. जून २०२१ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज. पैसा आणि यंत्रं दोन्ही असून हे झालं, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे.

नोकऱ्यांचं म्हणाल तर मला गवंड्यापेक्षा तुमची जास्त काळजी वाटते. गवंड्याचं वाहण्या-उचलण्याचं काम कमी होईल. कोपरा, सांधा, जुन्या भिंतीला नवी भिडवणं आणि दुरुस्ती ही कामं दीर्घकाळ त्याचीच राहतील. जुन्या इमारतींमध्ये तर मॉडेलच नसतं. ऑफिसात मात्र नवख्यांना दिली जाणारी कामं, दारांची यादी, टॉयलेटचे तपशील, मोजमापं काढणं, हीच यंत्राकडे सर्वांत आधी जात आहेत. आणि ती रटाळ कामं करतानाच आमची पिढी शिकली. दोनशे दारांची यादी केली की कुठल्या दाराचं हँडल भिंतीला आपटतं हे कायमचं डोक्यात बसतं. यादी यंत्राने केली तर ती चूक कुणाला दिसणार? याचं समाधानकारक उत्तर अजून कुठल्याही ऑफिसने काढलेलं मी पाहिलेलं नाही. तोवर ते शिक्षण तुम्हाला स्वतःच मिळवावं लागेल. टेप घेऊन बांधलेली खोली मोजा आणि ड्रॉइंगशी ताडून बघा; समोरासमोरच्या दोन भिंतींत किती फरक निघतो आणि तो कुठे चालतो, कुठे चालत नाही, हे सॉफ्टवेअर शिकवत नाही. मॉडेल बनवताना प्रत्येक वस्तूला नीट नाव आणि खरी जाडी द्या, आयएफसी फाइल (वेगवेगळ्या सॉफ्टवेअरमध्ये मॉडेल नेण्याचा सामाईक प्रकार) दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये उघडून काय गळलं ते पाहा. थोडं प्रोग्रामिंग येऊ द्या, निदान यंत्र काय गृहीत धरून चाललंय ते वाचता येण्याइतकं. साधनांची नावं पाठ करण्यात वेळ घालवू नका, ती तुमच्या पदवीआधीच बदलतील.

इंटर्नशिपसाठी ऑफिस निवडताना त्यांचे रेंडर, म्हणजे संगणकावर केलेली इमारतींची देखणी चित्रं, सगळ्यांत शेवटी बघा. आधी विचारा, साइटवर काही बदललं तर ते मॉडेलमध्ये कोण नोंदवतं आणि किती दिवसांत. ठरलेल्या माणसाचं नाव चटकन सांगितलं, तर त्याच्या शेजारचं टेबल मागून घ्या.